आदल्या दुपारची बातमी

पाहुण्यांनी हॉलमधला फ्रीज उचलून अंगणात तुळशीशेजारी नेऊन ठेवला, तोवर मंगल काही बोलली नाही. मग टीव्ही गेला, लग्नातला फोटो गेला, लेकीने रांगोळीत मिळवलेली ढाल गेली. तरी तिने ते सोसलं. पण भर दुपारी खिडक्यांना काळी कापडं लावून त्यांनी एका यंत्रातून खोलीत धूर सोडला, तेव्हा तिने पदर खोचला.

"अवो, घर हाय का वीटभट्टी?"

"गप जरा. वातावरण करतायत," दादाभाऊ खुर्चीत ताठ बसूनच म्हणाले. तोंडाला पावडर लावली होती, त्यामुळे ओठ फार हलवायची सोय नव्हती.

"कसलं वातावरण?"

"गुन्ह्याचं."

"आन् गुन्हा काय धुरातच घडतो व्हय?"

मुंबईहून आलेली ही माणसं खऱ्या गुन्ह्यांवर माहितीपट काढत. त्यांची दिग्दर्शिका मोहिनी दादाभाऊंना 'सर' म्हणे. 'कुकडीनाद' या दैनिकाचे नारायणगावचे वार्ताहर म्हणून दादाभाऊंनी वीस वर्षं काढली होती, पण आजवर त्यांना कुणी सर म्हटलं नव्हतं. तहसीलमध्ये 'अहो पेपरवाले' म्हणत आणि घरी मंगल काहीच म्हणत नसे. त्यामुळे त्या एका शब्दावर ते इतके पाघळले होते, की मोहिनीने मागितलं असतं तर शेजाऱ्याचंही घर त्यांनी धुराला दिलं असतं.

"सर, मी प्रश्न विचारला की लगेच उत्तर नको," मोहिनीने समजावलं. "आधी गप्प राहायचं. खिडकीकडे बघायचं. एक आवंढा गिळायचा. मग बोलायचं."

"खिडकीला तर कापड लावलंय."

"मग कापडाकडे बघा."

दादाभाऊ संध्याकाळपर्यंत कापडाकडे बघून आवंढे गिळत होते. मध्येच मंगल चहा घेऊन आली आणि आवाज टिपणाऱ्या माणसाने कान टवकारले. तिच्या पायातल्या चांदीच्या पैंजणांची छुमछुम त्याला भलतीच आवडली. त्याने तिला स्वयंपाकघरापासून हॉलपर्यंत इतक्यांदा चालवलं, की शेवटी ती म्हणाली, "एवढ्यात मी चालत बोरी बुद्रुकला माहेरी पोचले आसते."

आता दादाभाऊंना हा मान कशामुळे मिळाला, ते सांगायला हवं. त्यासाठी तालुक्याच्या वार्ताहराची कामाची रीत ठाऊक पाहिजे. जुन्नर-आंबेगावचं पान पुण्यात दुपारीच लागतं, म्हणजे छापायला तयार होतं. घटना मात्र संध्याकाळी नाहीतर रात्री घडतात, हा घटनांचा दोष. मग वार्ताहराने करावं काय? यात्रेची पालखी रात्री निघायची असली, तरी ती 'भक्तिमय वातावरणात' निघाल्याचं दुपारी लिहून पाठवायचं. पुढारी यायच्या आधीच त्यांचं मार्गदर्शन 'मोलाचं' ठरवून टाकायचं. बिबट्या दिसला तर बातमी, नाही दिसला तर 'बिबट्याची दहशत कायम'. आहुप्याच्या डोंगरात दादाभाऊंनी कधी पाऊल ठेवलं नव्हतं, पण तिथल्या 'विदारक परिस्थिती'वर त्यांच्या सात लेखांची मालिका छापून आली होती.

एका वर्षी ही रीत अंगाशी आली. यात्रेच्या संध्याकाळी वळीव कोसळला, कुस्त्यांचा आखाडा वाहून गेला, आणि सकाळी पेपरात 'निकाली कुस्त्यांनी डोळ्यांचे पारणे फिटले' असं छापून आलं. दादाभाऊंनी ज्याला विजयी केलं होतं त्याने कात्रण मोठं करून फ्लेक्स लावला. ज्याला पाडलं होतं तो दारात येऊन उभा राहिला. संपादकांनी फोनवर एवढंच सांगितलं, "पुन्हा अशी एक जरी बातमी खोटी निघाली, तर ओळखपत्र जमा करायचं."

पुढच्या यात्रेला दादाभाऊंनी फार जपून लिहिलं. पालखी, तमाशा आणि शेवटी दरवर्षीचं एक वाक्य, कारण ते दरवर्षी खरं ठरायचंच: 'ग्रामस्थ तमाशात दंग असल्याचा फायदा घेत अज्ञात चोरट्यांनी एक दुकान फोडले.' यावर पुण्याहून उलटा फोन आला. एक दुकान म्हणजे कुठलं, काय नेलं, दरवर्षी मोघम काय लिहिता? दादाभाऊ तेव्हा पेठेच्या तोंडाशी चहा पीत बसले होते. समोर जवरीलालशेठचं सराफी दुकान होतं. डोळ्यांना दिसलं ते त्यांनी सांगितलं, 'पेठेच्या तोंडाशी असलेले सराफी दुकान'. काय नेलं, तर दोन किलो सोनं. आणि तेवढ्यात एक काळी जीप सीटं भरून आंबेगाव तालुक्यातल्या घोडेगावकडे निघाली होती, म्हणून चोरटे 'काळ्या जीपमधून आंबेगावच्या दिशेने पसार' झाले. एवढं करून दादाभाऊ तमाशाला गेले आणि पहाटे घरी येऊन झोपले.

सकाळी जवरीलालशेठ घरी पोहे खात पेपर वाचत होते. वाचता वाचता त्यांचा घास घशात अडकला. धावतपळत दुकानावर आले, तर खरोखरच कुलूप तुटलेलं आणि शटर अर्धं वर. पोलिसांना खबर शेठनी दिली आणि शेठना पेपरने. 'पोलिसांच्या आधी पोचणारा पत्रकार' म्हणून दादाभाऊंचा जाहीर सत्कार झाला, शाल मिळाली, कात्रण चौकटीत बसून भिंतीवर गेलं. आपली बातमी खरी कशी झाली, ते त्यांचं त्यांनाही कळलं नाही. देवीची कृपा म्हणून त्यांनी नारळ फोडला आणि विषय मिटवला. चोर काही सापडला नाही.

नऊ वर्षांनी त्या सत्काराचा फोटो कुठेतरी इंटरनेटवर मोहिनीला दिसला. "हा भाग जमला, तर पुढच्या सगळ्या गुन्ह्यांना तुम्हीच आमचे तज्ज्ञ," असं ती म्हणाली. दादाभाऊंनी त्याच आठवड्यात 'गुन्हेतज्ज्ञ' अशी कार्डं छापून घेतली. 'कुकडीनाद'ला रामराम करायचा, तालुक्यातल्या पालख्यांना रामराम करायचा, आणि आता नुसते आवंढे गिळून पोट भरायचं, असा त्यांचा बेत ठरला. फक्त एक गोष्ट बाहेर पडायला नको होती. ती बातमी आदल्या दुपारची होती.

दुसऱ्या दिवशी सगळा लवाजमा आहुप्याला निघाला. 'आंबेगावच्या दिशेने' एवढ्या दोन शब्दांच्या भरवशावर मोहिनीने नकाशात बघून तिथली देवराई निवडली होती, कारण ती दिसायला भीतीदायक होती. गाडी चालवायला भिका होता. भिका म्हणजे नारायणगावात पेपर टाकणारा. पहाटे स्टँडवर गठ्ठा उतरला, की 'कुकडीनाद'चा पहिला वाचक तोच. मंगल त्याला भाऊ मानून दर भाऊबीजेला ओवाळायची. दादाभाऊंवर तर त्याची इतकी श्रद्धा, की पेपरातलं आणि डोळ्यांसमोरचं जुळलं नाही, तर तो आधी डोळे चोळून बघायचा.

देवराईच्या तोंडाशी म्हातारा जानकू बसला होता.

"चोर हितं आलं व्हतं?" त्याने विचारलं. "कशापायी?"

"सोनं पुरायला," मोहिनी म्हणाली.

"ताई, ह्या रानातली वाळली काडी बी आमी घरी न्हेत न्हाई. हितं खड्डा कोन काढंल? आन् नारायणगावात चोरी करून एवढा घाट चढून जो हितवर यील, त्यो चोर नसंल. बदली झाल्याला मास्तर आसंल."

मोहिनीने त्याला झाडाखाली उभं करून नुसती मान हलवायला सांगितली. 'गावकरी आजही बोलायला घाबरतात' या वाक्यावर ती मान छान बसणार होती. आहुपे प्रथमच बघणाऱ्या दादाभाऊंनी आपल्या परीने चौकशी केली, "काय बाबा, परिस्थिती कशी आहे?"

"बरी हाय की," जानकू म्हणाला. सात लेख लिहिलेल्या माणसाला हे उत्तर रुचलं नाही.

मग चोरीचा प्रसंग. तो जवरीलालशेठच्या दुकानातच करून दाखवायचा होता, पण चोराचं काम करायला मुंबईहून आणलेला नट आहुप्याच्या घाटात गाडी लागून आडवा झाला होता. "मी करतो की," भिका म्हणाला. त्याच्या तोंडाला काळा रुमाल बांधला आणि त्याला शटरपुढे बसवलं.

"मधोमध धर आणि उचल," मोहिनीने सांगितलं.

"मधनं अडाकतंय त्ये. डावीकडनं उचलाय लागतं."

जवरीलालशेठ चमकले. "बरोबर आहे. तुला कसं ठाऊक रे?"

"दुकानचा पेपर रोज सारतो न्हवं शेठ, खालनं."

भिका आत शिरला. मोहिनीने त्याला तिजोरीकडे जायला सांगितलं.

"ती उघडत न्हाई."

"उघडते असं समज."

"समजून कशी उघडंल ताई? लोखांड हाय." असं म्हणून भिका सरळ काचेच्या कपाटाकडे गेला आणि पैंजणांच्या पेटीवर हात ठेवून जरा घुटमळला. मोहिनीने टाळ्या वाजवल्या. एवढा नैसर्गिक चोर तिला मुंबईतसुद्धा मिळाला नव्हता.

शेवटी जवरीलालशेठना कॅमेऱ्यापुढे बसवलं. त्यांच्या पोटात बरंच साठलं होतं.

"खरं काय ते मी तेव्हापासून सांगतोय. पैंजणांचा एक जोड गेला. तिजोरीला बोटसुद्धा लागलं नव्हतं. पण पेपरात दोन किलो सोनं छापलं, मग गावात मीच खोटा. नातेवाईक म्हणाले, शेठ लपवतोय. आयकरवाले आले, म्हणाले, दोन किलो आणलं कुठून ते सांगा. मी म्हटलं, साहेब, ते दादाभाऊंनी आणलं."

"चोरी झाल्याचं तुम्हाला कधी कळलं?"

"सकाळी. पोहे खाताना. पेपरातून."

"आणि पेपर छापतात कधी?"

"आदल्या रात्री," शेठ बोलून गेले आणि त्यांचं त्यांनाच काहीतरी खटकलं. ते वळून दादाभाऊंकडे बघू लागले. मोहिनी वळली. तिच्यामागे कॅमेराही वळला.

"सर, तुम्हाला आदल्या दिवशी कसं कळलं?"

खरं सांगायला एकच वाक्य पुरलं असतं. पण त्या एका वाक्याने वीस वर्षांच्या पालख्या, भाषणं, कुस्त्या आणि सात लेख ओळीने आडवे झाले असते. दादाभाऊंनी खिडकी शोधली. मग आवंढा गिळला. मग आणखी एक गिळला. या वेळी कुणी सांगावं लागलं नाही.

"पत्रकाराचे स्रोत असतात," ते शेवटी म्हणाले. मोहिनी इतकी खूश झाली, की तिने दुसऱ्यांदा विचारलंसुद्धा नाही.

चैत्रात, यात्रेच्या तोंडावर, माहितीपटाची जाहिरात सगळ्यांच्या मोबाइलवर आली. आधी धूर. मग देवराई. जानकू मान हलवतो. कुठूनतरी पैंजणांची छुमछुम येते. आणि मग दादाभाऊ. ते कापडाकडे बघतात, आवंढा गिळतात, पुन्हा बघतात, पुन्हा गिळतात. वरून एक भारदस्त आवाज विचारतो, 'चोरी व्हायच्या आधीच जो ती छापतो, तो माणूस कोण आहे?'

दादाभाऊंनी मोहिनीला फोन लावला.

"सर, तुम्ही गाजताय," ती म्हणाली. "फक्त तज्ज्ञ आम्ही दुसरे घेतलेत. संशयितालाच तज्ज्ञ करता येत नाही ना."

गावाला तेवढंच पुरलं. टपरीवाला दादाभाऊंना चहा देताना गल्ला ओढून घेऊ लागला. लग्नात त्यांना मानाने पुढच्या रांगेत बसवलं, पण आहेराच्या टेबलापासून लांब. पोरं सेल्फी काढायला आली आणि जाताना खिसे चाचपून गेली. पोलीस ठाण्यातून निरोप आला, साहेबांनी यात्रेनंतर चहाला बोलावलंय. वीस वर्षं त्या ठाण्याला दादाभाऊ स्वतःच्या खर्चाने चहा पाजत आले होते, तेव्हा हा चहा कसला असणार हे त्यांना न सांगता समजलं. त्यांची झोप उडाली.

मंगलचं दुःख निराळं होतं. "बाया हळदी-कुकू लावायच्या निमतानं माझा गळा तपासत्यात," ती म्हणाली. "दोन किलो कुठं दिसतंय का बघत्यात. चोराची बायको म्हनून मिरवायचं, तर आंगावर सोन्याचं डोरलं तरी नगं का?"

यात्रेच्या दिवशी दुपारी दादाभाऊ ओट्यावर डोकं धरून बसले होते. शेजारी भिका होता. तो दोन दिवसांपासून नीट जेवत नव्हता.

"ठाण्यात आता खरं सांगून टाकतो," दादाभाऊ म्हणाले. "म्हणतो, बातमी दुपारीच लिहिली होती, मनानं. फार तर ओळखपत्र जाईल. बेड्या तर पडणार नाहीत."

"मंग ते इचारतील, बातमी खोटी व्हती तर कुलूप कुणी तोडलं."

"ते त्यांनी शोधावं. चोर सापडला तर मी सुटलोच की."

"त्येच म्हंतोय." भिकाने मान खाली घातली. "मी तोडलं."

दादाभाऊंना वाटलं, जागरणाने आपल्याला भलतंच ऐकू येतंय.

"पहाटं गठ्ठा उतारला," भिका सांगू लागला. "मी वाचलं, पेठंतलं दुकान फुटलं. म्हटलं, पेपर टाकता टाकता बघून यावं. तर कुलूप जाग्याव. सगळी पेठ तमाशा बघून झोपल्याली. मला घाम फुटला, भाऊ. कुस्त्यांच्या टायमाला संपादक तुमास्नी काय बोलला व्हता, मला ठावं व्हतं. तुमाला फोन लावला, तुमी उचलला न्हाई. उजाडाय लागलं. मंग दगुड घेतला."

"दगड कशाला, अरे?"

"बातमी खोटी पडली आसती ना."

दादाभाऊ भिकाकडे वळले. त्याला रागवावं की जवळ घ्यावं, ते त्यांना ठरवता येईना. त्यांच्या बातमीसाठी एवढी मेहनत त्यांनी स्वतःही कधी घेतली नव्हती.

"पेपरात हाय तसं दोन किलो सोनंच न्हेनार व्हतो," भिका अपराधी चेहऱ्याने म्हणाला. "पन तिजोरी उघडंना. आन् नुसतं कुलूप तोडून आलो, तर चोरी कशी म्हनायची? म्हनून पैंजणाचा एक जोड उचलला."

"कुठाय तो जोड?"

आतून छुमछुम करत मंगल चहा घेऊन आली. भिकाने तिच्या पायांकडे बघितलं. दादाभाऊंनी भिकाकडे बघितलं, मग त्यांनीही पायांकडे बघितलं.

"त्या सालच्या भाऊबीजंला ताटात घातला न्हवं ताईच्या," भिका म्हणाला. "तवर घरात ठिवायला मला भ्या वाटत व्हतं."

दादाभाऊंनी कुणी ऐकत नाही ना म्हणून रस्त्याकडे बघून घेतलं. चोरीचा माल नऊ वर्षं त्यांच्या घरात चालत होता, आणि आता तो जाहिरातीत वाजत होता. "मंगल, काढ ते आधी," ते म्हणाले.

मंगलने सगळं ऐकून घेतलं, चहा खाली ठेवला आणि जरा विचार केला.

"भावाची ववाळणी हाय. मी काढायची न्हाई. काढून दिलं तरी चोराची बायकोच म्हननार, मंग पैंजण का घालवू?"

दादाभाऊंनी हिशेब मांडून पाहिला. खरं सांगावं, तर वीस वर्षांची अब्रू जाणार, भिका आत जाणार आणि ओवाळणीसुद्धा जाणार. गप्प बसावं, तर आपण फक्त चोर. त्यातल्या त्यात चोर राहणंच परवडत होतं. जवरीलालशेठचा मात्र कुठल्याच हिशेबात नंबर लागत नव्हता. पेपरात चूक छापून आलेल्या माणसाचा तो कधीच लागत नाही.

तेवढ्यात पुण्याहून फोन आला. "दादाभाऊ, यात्रेची बातमी कुठाय? पान लागतंय."

दादाभाऊंनी मोबाइल घेतला आणि नेहमीच्या सवयीने अंगठा चालू केला. 'यात्रा उत्साहात संपन्न.' पालखी निघाली, तमाशा रंगला. मग ते दरवर्षीचं वाक्य आलं आणि 'अज्ञात चोरट्यांनी' इथे अंगठा अडला. त्यांनी ते शब्द खोडले. थोडा वेळ समोरच्या रस्त्याकडे बघितलं, आवंढा गिळला आणि लिहिलं: 'चोख बंदोबस्तामुळे यंदा बाजारपेठेत एकही चोरी झाली नाही.' पाठवून टाकलं आणि त्यांना बऱ्याच दिवसांनी हलकं वाटलं.

भिकाने त्यांच्या खांद्यावरून ते वाचलं. मग उठला, कोपऱ्यातली काठी घेतली आणि घोंगडी खांद्यावर टाकली.

"ताई, दोन भाकरी बांधून द्या. आज रातभर पेठंत जागावं लागंल."

"का रं बाबा?" मंगलने विचारलं.

"भाऊंनी लिव्हलंय, चोरी झाली न्हाई म्हनून."